मुलीचं नाव 'केतकी' ठेवायला हरकत आहे का? सासूबाई म्हणतात, हे फूल शापित आहे.

खुशाल ठेवा, केतकी म्हणजे केवडा आणि शापाची गोष्ट अर्धीच सांगितली जाते. शिवपुराणात ब्रह्मदेवाच्या बाजूने खोटी साक्ष दिली म्हणून शंकराने केतकीला पूजेतून वगळलं, पण तिने विनवणी केल्यावर उःशापही दिला: माझे भक्त तुला धारण करतील आणि माझ्यावरच्या छतात तुला मान मिळेल. बंदी फक्त शंकराला वाहण्यापुरती. हरतालिका-गणपतीच्या आदल्या दिवशी दादरच्या फुलबाजारात केवड्याचे भाव बघा, म्हणजे शापित फुलाची पत कळेल! नावाला गोडवा येतो तो त्या दरवळामुळे आणि फिकट सोनेरी रंगामुळे. जुन्या मराठीत गोरेपणाला 'केतकी वर्ण' म्हणतात तो यावरूनच. (गंमत म्हणजे हा घमघमाट नर झाडाच्या कणसाचा असतो, पण नाव मुलींचंच रूढ झालं.)

अडचण येते ती इंग्रजी स्पेलिंगची. 'टी'नंतर 'ए' घालायचा की नाही, हे जन्मदाखल्यावर नाव चढवण्याआधी ठरवा आणि आधार, शाळा, पासपोर्ट सगळीकडे तेच ठेवा. महापालिकेच्या विभाग कार्यालयात जन्मनोंदणीपासून 12 महिन्यांत नाव विनाशुल्क नोंदवता येतं, त्यानंतर विलंब शुल्क लागतं. मात्र घरात शिवोपासना कडक असेल, तर उःशापाची गोष्ट बारशाआधीच सांगून टाका.