महापालिका शाळेत माझ्यापेक्षा कमी गुणांच्या उमेदवाराला नेमणूक मिळाली. दाद कुठे मागायची?

शाळा न्यायाधिकरणात नाही, थेट मुंबई उच्च न्यायालयात, राज्यघटनेच्या कलम 226 खाली रिट याचिका करून. ठाणे असो वा नवी मुंबई, दोन्ही महापालिका कायद्याने सार्वजनिक संस्था आहेत, त्यामुळे त्यांच्या शिक्षकभरतीला समान संधीचं कलम 16 लागू होतं. न्यायाधिकरण 1977 च्या खासगी शाळा कर्मचारी कायद्यातलं आहे. तिथे काढून टाकलेला, पदावनत केलेला किंवा बढतीत डावललेला खासगी शाळेचा कर्मचारी अपील करतो, तेही आदेश मिळाल्यापासून 30 दिवसांत. निवड न झालेल्या उमेदवाराचं तिथे काम नाही.

पण वकिलाची फी भरण्याआधी गुणांचा फरक नीट तपासा. प्रवर्ग, समांतर आरक्षण (महिला, माजी सैनिक अशांसाठी प्रत्येक प्रवर्गात राखलेल्या जागा), विषय, माध्यम आणि पवित्र पोर्टलवर, म्हणजे राज्याच्या ऑनलाइन शिक्षकभरती प्रणालीवर, तुम्ही भरलेला प्राधान्यक्रम, यातल्या एकानेही कमी गुणांची निवड पूर्ण कायदेशीर ठरू शकते, आणि बहुतेक तक्रारी इथेच गळतात. माहिती अधिकारात निवड यादी आणि बिंदुनामावली (कोणती जागा कोणत्या प्रवर्गाची, याची नोंद) मागा. उत्तर 30 दिवसांत यायला हवं.

केस खरी ठरते ती जाहिरातीनंतर निकष बदलले असतील तर. भरती सुरू झाल्यावर, मूळ नियम किंवा जाहिरातीत तशी मुभा नसताना, पात्रतेचे निकष मध्येच बदलता येत नाहीत, असं सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने नोव्हेंबर 2024 मध्ये पुन्हा स्पष्ट केलं. ज्याची निवड रद्द करून हवी आहे त्यालाही प्रतिवादी करा आणि उशीर लावू नका. एक मर्यादा मात्र आहे: यादीत नाव असलं तरी नेमणुकीचा पक्का हक्क मिळत नाही.