मुलगी मोबाइलवर बंदुकांचे गेम खेळते, माइकवर मुलं घाण बोलतात. तिचा गेम बंद करावा का?

नाही. थोरला मुलगाही तोच गेम खेळतो असं तुम्हीच लिहिलंय. त्याचा बंद करावा का, हे विचारलेलं नाही, म्हणून लिहायला बसले.

१९९३चा मे, मिरजेला आत्याकडे. आतोबांनी मुंबईहून टीव्हीला जोडायचा गेम आणलेला, अटारीची नक्कल. त्यात रिव्हर रेड. नदीवरून विमान न्यायचं, बोटी-हेलिकॉप्टरं उडवायची, पेट्रोल संपत आलं की 'फ्युएल' लिहिलेल्या टाकीवरून जायचं. सगळी विमानं संपली की जॉयस्टिक पुढच्याकडे. माझा नंबर आला की नेमके गच्चीवर कुरडयांवर कावळे बसायचे. मुलांना कावळे कधी दिसले नाहीत.

मग मी दुपारी सगळे झोपले की आवाज बंद करून खेळायला लागले. चार दिवसांत लक्षात आलं, नदी दर वेळी तीच असते. कुठे अरुंद होते, कुठल्या पुलापुढे पेट्रोल आहे, सगळं पाठ झालं. टाकीवर वेग कमी केला की पेट्रोल जास्त भरतं हेही कळलं. दादालोक गुणांसाठी टाक्याच उडवायचे आणि पेट्रोलवाचून मरायचे! एका रविवारी सगळ्यांसमोर मी पुलामागून पूल उडवत निघाले. आतेभाऊ "तुक्का लागलाय" म्हणाला आणि त्याने प्लग उपटला. लग्नकार्यात भेटला की अजून तेच सांगतो.

दादा, तुक्का नव्हता. एवढी नदी ४ केबीच्या कार्ट्रिजमध्ये मावलीच नसती. प्रोग्राम ती खेळता खेळता आकडेमोडीने तयार करायचा, पण सुरुवातीचा आकडा ठरलेला, म्हणून नदी तीच. तो गेम कॅरल शॉ नावाच्या बाईने केलाय, १९८२ साली. तू ज्यावर शायनिंग मारत होतास तो.

तर तुमची मुलगी. घाण बोलणाऱ्याला म्यूट करायचं, रिपोर्ट करायचं, जमलं तर ओळखीच्या मैत्रिणींची टीम करायची. मुलाच्या नावाने खेळ, असं मात्र सांगू नका. मी दोन वर्षं 'रोहित' होऊन खेळले. शिव्या थांबल्या, पण चांगली खेळले की शाबासकीही रोहितलाच. एप्रिल २०२४मध्ये पंतप्रधान सात गेमर्सना भेटले, त्यात मुलगी एकच, छिंदवाड्याची पायल धारे. ती स्वतःच्या नावाने खेळते.

हां, रात्री दहानंतर फोन हॉलमध्ये, आणि दहावीचं वर्ष असेल तर तासही ठरवून द्या. दोघांनाही. आणि थोरला माइकवर काय बोलतो, तेही एकदा मागे उभं राहून ऐका.