बोंड आधी वहीत उतरव, मग मागावर

पोरी,

तुझं पत्र पैठणहून आलं, दोनदा वाचलं. माग शिकायला लागून चार महिने झाले, सर नुसती साधी वीणच घालायला लावतात, आणि तुझ्या डोक्यात पदरावर मोराऐवजी आपल्या रानातलं कापसाचं बोंड काढायचं भरलंय, ते बोलून दाखवलं तर बाकीच्या पोरी हसल्या, आता सोडून द्यावं वाटतंय म्हणतेस.

सोडू नको गं माय. बोंड तर अजिबात सोडू नको. अजिंठ्याचं कमळ पण कुणीतरी पहिल्यांदा पदरावर आणलंच ना, तेव्हा पण कुणी हसलं असेल की.

पण साधी वीण का, हे तुला कुणी नीट सांगितलेलं दिसत नाही. पैठणीत प्रत्येक रंगाची वेगळी तिल्ली, म्हणजे दोऱ्याची बारकी कांडी, घेऊन ताण्याच्या म्हणजे उभ्या धाग्यांच्या मोजक्या तारांतून हातानं फिरवावी लागते, हे तू रोज बघतेसच. आता आडवा धागा दाबून बसवणाऱ्या फणीचा ठोका हलका पडला की नक्षी उभी लांबते, जोरात पडला की चपटी होते. म्हणजे तुझं गोल बोंड वहीत कितीही छान असू दे, हात बसला नसेल तर मागावर अंड्यासारखं दिसणार. सर तुला डिझाईनपासून लांब ठेवत नाहीत, तुझा ठोका बसवून घेतायत.

तरीपण चार महिने स्वतःचं काहीच करायला न मिळणं मला बरोबर वाटत नाही, त्यानं हौस मरते. म्हणून ग्राफची वही घे. दिवाळीत गावाकडं वेचणी चालू असेल तेव्हा एक फुटलेलं बोंड घेऊन ये, समोर ठेव, चार-पाच पाकळ्या कशा उलगडल्यात, खालचं वाळलेलं टरफल कसं टोकदार राहतं ते चौकोनात उतरव. गोलाई पायऱ्या-पायऱ्यांनीच येते, त्यामुळं पहिली चित्रं ओबडधोबड होतील, होऊ दे, खोडून परत काढ. घरी लाकडी चौकटीला खिळे ठोकून सुती दोऱ्यावर विणून पण बघ, चुकलं तर तेवढंच उसवायचं, रेशीम वाया जात नाही.

मग ती वही घेऊन सरांकडं जा आणि सरळ विचार, की सर, ताणा संपत आला की शेवटच्या तुकड्यावर एक बुट्टी, एवढीशी सुटी नक्षी, टाकू का. पदर मागू नको, बुट्टीच माग. काय म्हणाले ते मला कळव.

— तुझी मावशी