सरळ रस्ते, चौकोनी शेतं आणि शेतकऱ्यांविना गाव

प्रश्न: मुलीकडे अमेरिकेत इलिनॉयला जाऊन आलो. विमानातून शेतं दिसतात ती अगदी गणिताच्या वहीचं पान. एका गावात थांबलो तर जेमतेम पन्नास घरं, रेल्वेचा रूळ आणि शेजारी सिमेंटची उंचच उंच कोठारं, बास. मैलोन्मैल मका-सोयाबीन, पण गावात शेतकरी कुठे दिसेचना! आणि सरळ रस्ता मधेच विनाकारण झोकांडी का खातो?

उत्तर: शेतकरी दिसले नाहीत कारण ते गावात राहतच नाहीत 🙂 आपल्या डोक्यात गाव म्हणजे आधी वस्ती, मग भोवती शिवार, तिथे सगळं उलटं झालंय. आधी मोजणी, मग शेतं आणि गाव सगळ्यात शेवटी.

१७८५ च्या कायद्याने जमीन विकण्याआधी तिचे ६ मैल बाय ६ मैलांचे चौकोन पाडायचे ठरलं, त्याला टाउनशिप म्हणतात, त्यात एकेक चौरस मैलाचे ३६ तुकडे, प्रत्येकी ६४० एकर, आणि त्यातला १६ नंबरचा शाळेसाठी राखीव. ओढा असो की टेकडी, रेघ सरळच! घेणाऱ्याने घर आपल्याच जमिनीवर बांधलं आणि रस्ते या रेघांवरून गेले. आता ती झोकांडी. पृथ्वी गोल, त्यामुळे उत्तर-दक्षिण रेघा वर जाताना जवळजवळ येत जातात आणि चौकोन बसेनासे होतात, म्हणून ठराविक अंतरावर मोजणी नव्याने सुरू करायचे, तिथे खालची रेघ आणि वरची रेघ जुळत नाही. तुमचा ड्रायव्हर स्टिअरिंग फिरवतो ते पृथ्वीच्या गोलाईपायी, मला तर हे भारीच वाटतं.

जमीन काळीभोर पण सुरुवातीला लोक तिच्यापासून लांबच, कारण एक तर दलदल आणि दुसरं म्हणजे माती एवढी चिकट की बिडाच्या नांगराला लगदा धरायचा, दर थोड्या वेळाने थांबून खरवडा. १८३७ मध्ये जॉन डिअर नावाच्या लोहाराने करवतीच्या तुटक्या पात्यापासून गुळगुळीत पोलादी फाळ केला, त्याला माती चिकटेना. पाण्याचा बंदोबस्त नंतर झाला. भाजलेल्या मातीचे फूटभर लांबीचे पाइप दोन-तीन हात खोल चरात एकापुढे एक नुसते टेकवून ठेवायचे, सांध्यातून पाणी आत झिरपतं आणि चारीला जाऊन मिळतं. वरून काहीच दिसत नाही, पण ते पीक उभंय या पाइपांच्या जिवावर.

आणि गाव? ते रेल्वेने बसवलं. इलिनॉय सेंट्रल कंपनीला सरकारने रुळांलगतची जमीनच देऊन टाकली, १८५६ पर्यंत लाइन पूर्ण झाली. स्टेशनं अशी जवळजवळ हवीत की शेतकऱ्याने घोडागाडीत धान्य आणावं, कोठारात ओतावं आणि दिवे लागायच्या आत घरी परत. त्या धान्याभोवती दुकान, पोस्ट, चर्च आलं. म्हणजे हे गाव राहण्यासाठी नव्हतंच हो, माल चढवण्यासाठी होतं. मग मोटार आली, ट्रक आले, तेवढ्याच वेळात मोठ्या गावाला जाता येऊ लागलं, टपाल १८९६ पासून हळूहळू थेट शेतावरच्या घरी यायला लागलं, पुढे आसपासच्या गावांच्या शाळा एकत्र केल्या, आणि गाव आक्रसत गेलं. पन्नास घरं असली तरी कागदोपत्री ते ‘व्हिलेज’ असू शकतं बरं का, तसं असेल तर त्याला निवडून आलेला अध्यक्ष आणि सहा ट्रस्टीसुद्धा असतात. पुढच्या वेळी ऑक्टोबरात जा, मका निघत असतो तेव्हा त्या कोठारापुढे ट्रकची रांग लागते, आणि त्यात तुम्हाला तुमचे शेतकरी भेटतील.