एल्डन रिंग या व्हिडिओ गेममध्ये पॅरी (समोरच्याचा वार नेमक्या क्षणी ढालीने झटकून टाकणं) काही केल्या जमत नाही. माझे रिफ्लेक्स कमी पडतायत का?

नाही. तुम्ही मार्गिटसमोर, म्हणजे सुरुवातीच्या एका बॉससमोर (मोठ्या शत्रूसमोर), शिकायला उभे राहिलात, घोळ तिथे झाला.

तुम्ही लिहिलंय की तीन संध्याकाळी त्याच्यापुढे घालवल्या आणि एकही पॅरी बसली नाही. मीही तेच केलं होतं. मार्गिट काठी वर उचलतो आणि तशीच धरून ठेवतो. आपण बटण दाबतो, ढाल हवेत फिरून परत येते, आणि मग निवांतपणे काठी डोक्यात बसते. घाबरून आधीच लोळण घेणाऱ्यांना पकडायलाच त्याचे वार असे लांबवलेले आहेत. ज्याला अजून साधा वार अडवता येत नाही त्याने याच्याकडे शिकायला जाणं म्हणजे पोहायला शिकायचं म्हणून थेट पुरात उडी टाकणं.

आता रिफ्लेक्सचं. डोळ्यांना काही दिसल्यापासून बोट हलेपर्यंत कुठल्याही माणसाला साधारण २०० ते २५० मिलिसेकंद लागतात. गेम सेकंदाला ६० फ्रेमने (चित्रांनी) चालतो, म्हणजे तेवढ्यात १२ ते १५ फ्रेम निघून जातात. शिवाय बटण दाबल्या दाबल्या पॅरी लागू होत नाही. आधी ढाल हलायला सुरुवात होते. मग अगदी थोडा वेळ असा असतो की त्यात वार ढालीवर आला तर पॅरी होते. त्यानंतर हात परत येईपर्यंत आपण उघडे पडतो. तलवार अंगावर येताना बघून बटण दाबणारा माणूस कितीही चपळ असला तरी बहुतेक वेळा उशीरच करणार. ज्यांना जमतं त्यांना तो वार पाठ झालेला असतो.

(२०१९ मधला सेकिरो हा गेम खेळून इकडे आला असाल तर अजून एक अडचण. तिथे वार लागता लागता बटण दाबायची सवय लागते, कारण तिथलं डिफ्लेक्ट (वार झटकणं) दाबताक्षणी चालू होतं. तीच सवय इथे नडते. मला ती मोडायला बरेच दिवस लागले.)

सरावाआधी एक तपासा. तुमच्या ढालीच्या माहितीत स्किल (ढालीची किंवा हत्याराची खास चाल) म्हणून ‘पॅरी’ लिहिलंय ना? काही ढालींवर स्किलच नसतं, आणि अशी ढाल डाव्या हातात असली की एल२ (कंट्रोलरवरचं डावीकडचं खालचं बटण) दाबल्यावर उजव्या हातातल्या हत्याराचं स्किल चालतं. शस्त्र दोन्ही हातांत धरलं असेल तरीही तेच. पॅरी म्हणून भलतंच काहीतरी मारत बसलेले लोक मी पाहिलेत, आणि त्यांतला एक मी होतो. टीव्हीवर खेळत असाल तर गेम मोड चालू करा, नाहीतर चित्रच उशिरा दिसतं. एल२ चा ट्रिगर खोलवर दाबावा लागतो, हे खटकत असेल तर सेटिंगमध्ये जाऊन ते काम त्याच्या वरच्या एल१ वर घ्या. मी घेतलं आणि परत बदललं नाही.

आता गेमच्या सुरुवातीच्या भागातल्या गेटफ्रंटच्या पडक्या वस्तीत जा. जाण्याआधी जवळचे रून (शत्रू मारून मिळणारं चलन, मेल्यावर ते हातचं जातं) लेव्हल वाढवण्यात खर्च करून टाका, म्हणजे मेलात तरी जीव हळहळणार नाही. लेव्हल वाढवताना व्हिगर (जीव वाढवणारा गुण) घ्या. चार वार खाऊन उभं राहता आलं तरच शिकता येतं. तिथला तलवारवाला एखादा सैनिक बाकीच्यांपासून लांब ओढून आणा. घोळक्यात शिकायला जाऊ नका, मागून भाला येतो.

आणि पहिली दहा मिनिटं पॅरीचं बटण दाबूच नका. हे सगळ्यात कंटाळवाणं आहे आणि सगळ्यात महत्त्वाचंही हेच आहे. ढाल वर धरून नुसतं त्याच्याकडे बघा, पण तलवारीकडे नको. तलवारीचं टोक इतक्या वेगाने फिरतं की त्यावर नजर ठरत नाही. खांद्याकडे बघा. त्याचा हात मागे जातो, क्षणभर रेंगाळतो, आणि मग खांदा पुढे यायला लागतो. खांदा वळला की वार सुटला, आता तो मागे घेता येणार नाही. तुमचं बटण त्या क्षणाचं. हात मागे गेला तेव्हाच दाबलंत तर फार लवकर, आणि तलवार तुमच्या तोंडापाशी आल्यावर दाबलंत तर गेली वेळ. मी तर तोंडाने ‘मागे… आला’ असं म्हणत बसायचो. घरच्यांनी दार लावून घेतलं, पण ठेका सापडला.

मग पॅरी करायला लागा, आणि प्रत्येक चुकीनंतर एवढंच बघा: मार लागला तेव्हा माझी ढाल कुठे होती? फिरून परत येत होती तर तुम्ही लवकर दाबलंत. हलायलाच लागली नव्हती तर उशिरा. समजत नसेल तर क्लिप रेकॉर्ड करून हळू चालवून बघा. मला खात्री होती की मी उशीर करतोय, म्हणून मी दर वेळी अजून घाई करायचो. क्लिप पाहिली तर ढाल केव्हाच फिरून झालेली! आठवडाभर मी उलट्याच दिशेने दुरुस्ती करत होतो. तुमचंही मार्गिटपुढे हेच होतंय असं मला वाटतं.

पॅरी बसली की एक खणखणीत आवाज येतो आणि समोरचा गुडघ्यावर येतो. माझी पहिली बसली तेव्हा मी नुसता बघत राहिलो, तो उठला आणि त्याने मला मारलं. त्याच्या अगदी समोर जाऊन साधा वार करायचा असतो, मग तो मोठा घाव बसतो. या घावासाठी खंजीर चांगले. बहुतेक हत्यारांचा क्रिटिकल आकडा (अशा घावाची ताकद) १०० असतो, मिझेरिकॉर्ड या खंजिराचा १४० आहे.

सैनिकांवर हात बसला की स्टॉर्महिल एव्हरगेओल या तुरुंगातला क्रूसिबल नाइट हा योद्धा गाठा. हा खरा मास्तर. एकटा असतो, सावकाश चालत येतो आणि चुकलात की सोडत नाही. त्याचे तलवारीचे वार पॅरी होतात. पाय आपटणं, शेपटी आणि पंख पसरून झेप यांच्या वाट्याला जाऊ नका, त्यांच्यापासून लांब व्हा. एकंदरीतच पकड, उडी मारून केलेले वार आणि अवाढव्य प्राण्यांचे तडाखे यांना पॅरी करायला बघू नये. काही मोठे बॉस तर एका पॅरीने खाली येतच नाहीत, दोन-तीन बसवाव्या लागतात. तेव्हा आवाज आला आणि तो उभाच राहिला तर आपलं चुकलं असं समजू नका.

ढालींत शिकायला बकलर ही छोटी ढाल सगळ्यात बरी. तिच्यात पॅरी बसण्याचा तो मधला वेळ इतर ढालींपेक्षा थोडा जास्त मिळतो. बँडिट हे पात्र निवडून सुरुवात केली असेल तर ती तुमच्याकडे आहेच. नसेल तर स्टॉर्मव्हेल किल्ल्याच्या दारातला गोस्टॉक नावाचा दारवान विकतो. पण तो बसतो मार्गिटच्या पलीकडे, त्यामुळे सध्या मार्गिटला पॅरीशिवायच पाडावं लागेल. त्याच्यासमोर ढाल वर धरा, वार ढालीवर घ्या आणि लगेच जोरदार वाराचं बटण दाबा. याला गार्ड काउंटर म्हणतात आणि यात काठी किती वेळ वर धरलीय याने काही फरक पडत नाही. तो सोनेरी हातोडा घेऊन उडी मारेल तेव्हा मात्र बाजूला व्हा.