वाचकांचे प्रश्न : मांब्वे भाषेचा शब्दकोश कोठे मिळेल आणि तो कसा पाहावा?

प्रश्न : माझे जावई रस्त्यांच्या कामानिमित्त झांबियाच्या उत्तरेकडील म्बाला या गावी असतात आणि गेल्या वर्षी मुलगीही तिकडे गेली. शेजारच्या बायका आपसांत मांब्वे बोलतात, मुलीला ती शिकायची आहे, म्हणून तिने माझ्याकडे शब्दकोशाची मागणी केली. मी एका विक्रेत्याकडून 'मांब्वे' असे नाव पाहून पुस्तक मागवले, तर ते तिथल्या वन्यप्राण्यांविषयीचे निघाले आणि पैसे गेले ते गेलेच. खरा शब्दकोश आहे का, आणि तो कसा ओळखावा?
— एक वाचक, जुळे सोलापूर

उत्तर : आपली फसगत नावामुळे झाली. झांबियात मांब्वे नावाचा एक जिल्हा आहे, तो पूर्व प्रांतात, लुआंग्वा नदीच्या खोऱ्यातील अभयारण्याला लागून आहे आणि तेथील लोक प्रामुख्याने कुंदा भाषक आहेत. मांब्वे भाषा बोलणारे लोक मात्र तेथून बरेच दूर, टांगानिका सरोवराच्या दक्षिण टोकाकडील म्बाला आणि म्पुलुंगु या भागांत आणि सीमेपलीकडे टांझानियाच्या रुक्वा प्रदेशात राहतात. म्हणजे जिल्ह्याचे नाव एक आणि भाषेचा मुलूख दुसरा. म्बालाचे जुने नाव ॲबरकॉर्न होते, हेही लक्षात ठेवावे, कारण जुन्या पुस्तकांत आणि नकाशांत तेच सापडते.

शब्दकोश आहे. आंद्रेज हालेम्बा या पोलिश धर्मगुरूंनी सिद्ध केलेला मांब्वे-इंग्रजी शब्दकोश झांबियातील न्डोला येथील मिशन प्रेसने 1994 साली प्रसिद्ध केला. मराठीत असा कोश नाही, त्यामुळे इंग्रजीच्या पायरीवरूनच जावे लागेल, जसे इंग्रज माणसाला मराठीसाठी मोल्सवर्थच्या पायरीवरून यावे लागते. हा कोश आपल्याकडील दुकानांत मिळण्याची आशा मी धरणार नाही. आपल्या मुलीनेच म्बालातील किंवा न्डोलातील मिशनच्या दुकानात चौकशी करणे अधिक सोपे आहे. आपण येथून शोध घेणार असाल, तर जगभरच्या ग्रंथालयांच्या एकत्रित सूचीत भाषेच्या नावाने पाहावे. पण एकाच नावाने पाहू नये. ही भाषा मांब्वे, चिमांब्वे, किमांब्वे अशा निरनिराळ्या नावांनी नोंदलेली असते, कारण 'चि' आणि टांझानियातील स्वाहिलीचा 'कि' हे भाषा दाखवणारे उपसर्ग आहेत. रोमन लिपीत तेथील चालू लेखनात 'च'साठी नुसते 'सी' अक्षर लिहितात, तर जुन्या छपाईत 'सी'पुढे 'एच' असते, म्हणून दोन्ही प्रकारे शोधावे. शेजारच्या लुंगू लोकांची बोली इतकी जवळची आहे की भाषांच्या आंतरराष्ट्रीय यादीत दोघींची मिळून मांब्वे-लुंगू अशी एकच नोंद आणि 'एमजीआर' असा एकच संकेत आहे. लुंगूच्या ध्वनिव्यवस्थेवर ली बिकमोर यांचे 2007 साली आलेले इंग्रजी पुस्तक आहे. ते कोश नव्हे, पण उच्चाराचा प्रश्न पडला तर उपयोगी पडेल.

यापुढे पुस्तक मागवताना विक्रेत्याकडून मुखपृष्ठाचे नव्हे, तर आतल्या कोणत्याही एका पानाचे छायाचित्र मागावे. शब्दकोशाचे पान एका नजरेत ओळखू येते, आणि जो विक्रेता ते पाठवायला कां-कूं करतो त्याच्या नादी न लागणेच बरे.

प्रश्न : मी निवृत्त शिक्षिका आहे. आफ्रिकेतील भाषांविषयीच्या उत्सुकतेपोटी एका स्नेह्याकडील मांब्वे कोशाची छायाप्रत पाहिली, पण ऐकलेला शब्द त्यात सापडतच नाही. माझ्या पाहण्यात चूक होते आहे का?
— एक वाचक, सोलापूर

उत्तर : चूक आपली नाही, सवयीची आहे, आणि तिचे कारण पाहण्यासारखे आहे. मराठी शब्द आपण कोशात पाहतो तेव्हा त्याचे शेपूट कापतो. 'पाण्यात' हा शब्द मिळाला तर 'पाणी' उघडतो, 'घोड्यांनी' दिसले तर 'घोडा'. शाळेत सामान्यरूप शिकलेले असते, त्यामुळे हे आपण नकळत करतो. मांब्वे ही बांटू या आफ्रिकेतील मोठ्या भाषाकुळातील भाषा आहे, आणि बांटू भाषांत हा सगळा खेळ शब्दाच्या पुढल्या टोकाला चालतो. तेथे शेपूट नव्हे, डोके कापावे लागते.

एक उदाहरण मी स्वाहिलीचे देतो, कारण स्वाहिलीही याच कुळातील आहे आणि तिचे कोश आपल्याकडे मिळतात. 'मूल' म्हणजे 'म्तोतो' आणि 'मुले' म्हणजे 'वातोतो'. अनेकवचन कानावर आले आणि कोशात 'व'खाली पाहिले, तर हाती काही लागणार नाही. मूळ 'तोतो' आहे आणि 'म' व 'वा' हे नामाचा वर्ग आणि वचन दाखवणारे उपसर्ग आहेत. याहून अवघड जोडी जिभेची आहे. 'जीभ' म्हणजे 'उलिमी' आणि 'जिभा' म्हणजे 'न्दिमी'. उपसर्गातील 'न'ला भेटताच 'ल'चा 'द' झाला, म्हणून 'न्दिमी' ऐकून 'लिमी' शोधण्याची बुद्धी व्हायला वेळ लागतो. एका विद्यार्थ्याला घेऊन मी हिराचंद नेमचंद वाचनालयात स्वाहिलीचा कोश उघडून बसलो होतो. याच शब्दासाठी त्याने पाऊण तास पाने उलटली आणि मीही त्याला मुद्दाम सांगितले नाही. पुढे तो स्वतःच म्हणाला, "सर, 'द' खोटा आहे." त्या दिवसानंतर त्याला कोश कसा पाहावा, हे मला सांगावे लागले नाही.

मांब्वे आणि तिची शेजारीण बेंबा यांत उपसर्गाच्याही आधी एक स्वर येतो. 'माणूस' हा शब्द 'उमुन्तु' असा असतो : 'उ', मग 'मु', मग मूळ 'न्तु'. त्यामुळे बांटू भाषेचा कोश हाती आला की शब्द शोधण्याआधी त्याची प्रस्तावना वाचावी. कोशकाराने नामे मुळाच्या क्रमाने लावली आहेत की पूर्ण रूपाच्या, हे तेथे लिहिलेले असते. पूर्ण रूपाचा क्रम असेल तर 'अ', 'इ' आणि 'उ' या तीन स्वरांखाली नामांची गर्दी होते आणि एकाच मुळाची एकवचन-अनेकवचन रूपे दूरदूरच्या पानांवर जातात. क्रियापदांचे तसेच. कर्ता, काळ, कर्म हे सगळे धातूच्या अलीकडे चिकटते. स्वाहिलीत 'वानासोमा' म्हणजे 'ते वाचत आहेत', पण कोशात पाहायचे ते 'सोमा'. शेवटी जोडलेली अक्षरे मात्र धातूचा अर्थ फिरवतात : 'सोमेशा' म्हणजे 'शिकवणे'. आपल्या 'शिकणे' आणि 'शिकवणे' यांसारखेच हे आहे, म्हणून ही बाजू मराठी माणसाला जड जाऊ नये.

सुरांची गोष्ट निराळी. मांब्वेसारख्या भाषांत उंच सूर अर्थ बदलू शकतो आणि पुष्कळ कोशांत तो छापलेला नसतो. ही उणीव कोशातून भरून निघत नाही, त्यासाठी बोलणाऱ्याच्या तोंडूनच शब्द ऐकावा.

प्रश्न : मांब्वेचा कोश मिळेपर्यंत बेंबाचा वापरला तर चालेल का?
— जुळे सोलापूर येथील तेच वाचक

उत्तर : काही अंशी चालेल. झांबियात सात प्रादेशिक भाषांना शासकीय स्थान आहे. बेंबा त्यांत आहे, मांब्वे नाही. म्हणून म्बालाकडील माणसाला बेंबा बहुधा येते आणि बेंबाची पुस्तके सहज मिळतात. व्हाइट फादर्स या कॅथलिक मिशनचा बेंबा-इंग्रजी कोश 1954 सालचा आहे आणि ग्रंथालयांत आढळतो. भाषाशास्त्रज्ञ माल्कम गथ्री यांच्या वर्गीकरणात मांब्वे 'एम 15' आणि बेंबा 'एम 42' आहे, म्हणजे दोघी एका विभागातल्या, पण एका घरातल्या नव्हेत. गुजराती कोशावरून मराठी शिकणाऱ्याची जी गत होईल, तीच येथे होईल : अंदाज बरेचसे बरोबर येतील आणि चुकतील ते भर चौकात चुकतील.

त्यापेक्षा मुलीला कोऱ्या चिठ्ठ्या द्याव्यात. आपल्या सोलापूरच्या पूर्वभागात घरी तेलुगू आणि बाजारात मराठी बोलणारी मुले दोन भाषा एकमेकींत न मिसळता शिकतात, ती कोशावरून नव्हे. प्रत्येक चिठ्ठीवर एक शब्द, त्याचे एकवचन आणि अनेकवचन दोन्ही, तो ज्या वाक्यात ऐकला ते पूर्ण वाक्य, आणि बोलणारी बाई मांब्वे की लुंगू हे लिहावे. अनेकवचन विचारायला विसरू नये. पुढे कोश हाती आला की नेमके तेच लागेल.