मध्यस्थाच्या हातातला कागद: वाचकांच्या प्रश्नांना उत्तरे

दोन देश एकमेकांचं तोंड पाहायला तयार नसतात, तेव्हा मध्यस्थ करतो तरी काय? (कोथरूड)

मसुदा स्वतःच्या हातात ठेवतो. सप्टेंबर 1978मध्ये अमेरिकेत कॅम्प डेव्हिडला इजिप्तचे अध्यक्ष सादात आणि इस्रायलचे पंतप्रधान बेगिन यांच्या सुरुवातीच्या बैठका इतक्या चिघळल्या, की मध्यस्थ असलेले अमेरिकी अध्यक्ष कार्टर यांनी पुढे दोघांना वेगळंच ठेवलं. अमेरिकी चमूने एकच मसुदा लिहिला आणि आळीपाळीने दोघांपुढे ठेवला. विचारायचं एवढंच: यात कुठे खुपतं? 'मान्य आहे का' हा प्रश्न अगदी शेवटी. मजकूर शत्रूचा नसल्याने तो बदलून घेण्यात किंवा स्वीकारण्यात कुणालाच कमीपणा येत नाही. 13 दिवसांत असे 23 मसुदे झाले.

पुढच्या वर्षीच्या तहात इजिप्तच्या सिनाईतून इस्रायलच्या माघारीचं वेळापत्रक बांधलं गेलं आणि 1982मध्ये माघार पूर्ण झाली. इस्रायलच्या ताब्यातल्या वेस्ट बँक आणि गाझा या पॅलेस्टिनी भागांच्या स्वायत्ततेचा मजकूर मात्र मोघम राहिला आणि तिथेच अडला. पॅलेस्टिनींच्या वतीने त्या चर्चेत कुणीच नव्हतं.

नॉर्वेने श्रीलंकेत घडवलेली शस्त्रसंधी का टिकली नाही? (सदाशिव पेठ)

श्रीलंका सरकार आणि बंडखोर तमिळ वाघ (एलटीटीई) यांच्यातल्या 22 फेब्रुवारी 2002च्या करारावर देखरेख करायला पाच नॉर्डिक (उत्तर युरोपातल्या) देशांचे निरीक्षक आले. ते निःशस्त्र होते. तक्रार घ्यायची, जागेवर जायचं, भंग झाला की नाही ते सांगायचं. शिक्षेचा अधिकार नाही. वाघांनी एप्रिल 2003मध्ये चर्चा थांबवली, तेव्हापासून शस्त्रसंधीला राजकीय आधारच उरला नाही. 2006मध्ये युरोपीय संघाने वाघांवर बंदी घातली. संघातल्या देशांचे निरीक्षक नकोत असं वाघांनी बजावल्यावर स्वीडन, डेन्मार्क, फिनलंड बाहेर पडले. नॉर्वे आणि आइसलँड तेवढे राहिले. जानेवारी 2008मध्ये सरकारने करारच रद्द केला.

भारताने असं काम कधी केलंय? (हडपसर)

केलंय, आणि फार अवघड जागी. 1953मध्ये कोरियन युद्धातल्या, मायदेशी परतायला नकार देणाऱ्या कैद्यांसाठी पाच देशांचा आयोग नेमला गेला. अध्यक्ष भारताचे जनरल थिमय्या, पहारा भारतीय सैनिकांचा, कैदी 22 हजारांहून अधिक.

अफगाणिस्तानबाबतचा दोहा करार इतक्या लवकर का अडखळला? (पिंपरी)

कराराची बातमी वाचताना प्रत्येक कलमाशी थांबून पाहा: हे पाळणं ज्याच्या हातात आहे, त्याची सही आहे का? 29 फेब्रुवारी 2020ला सह्या अमेरिका आणि तालिबानच्या. सोडायचे तालिबानचे 5,000पर्यंत कैदी मात्र काबूलमधल्या अफगाण सरकारच्या तुरुंगात, आणि ते सरकार चर्चेत नव्हतंच. त्याने सुटका लांबवली. त्यामुळे 10 मार्चला सुरू व्हायची अफगाणांची आपसातली बोलणी 12 सप्टेंबरला सुरू झाली.